साठ जीबीचा सातबारा

कुरवंड्यातल्या होमस्टेसाठी बुकिंगचं सॉफ्टवेअर टाकायला सविता कॉम्प्युटरपुढं बसली, तर सी ड्राइव्ह गच्च भरलेला. एवढी जागा अडवली कुणी, म्हणून ती एकेक फोल्डर तपासत गेली आणि ‘सातबारा’पाशी थबकली. दोन एकरांचा सातबारा साठ जीबी कसा? जमिनीचे कागद घरात कुणीच उडवणार नाही, हे ओळखूनच कुणीतरी नाव दिलेलं. उघडला, तर आत शेतीचा गेम आणि खेळाडूचं नाव निवृत्ती, म्हणजे खुद्द सासरे! ते दारातच काठी टेकून उभे होते. “पोरी, उडवू नगंस. गुडघ्यांमुळं खाचरात उतरवत न्हाई. हितं भात कापाया आलाय.” सविताला हसू आवरेना. गेमच्या सेटिंगमधून तिनं त्यांची अख्खी शेती रिकाम्या डी ड्राइव्हवर हलवली. मग दुसरी खुर्ची ओढून पदर खोचला. “सरका आबा. एकट्यानं कुटं कापणी व्हती? मी आले सावडीला.”