म्हातारीच्या वाट्याचं जांभूळ

सासूला जो सांभाळील, परसातलं जांभूळ त्याचं, असं वाटणीत पंचांनी ठरवलं आणि दोन्ही मनकर्णाबाईच्या पदरात पडली. एकूण एक जांभूळ ती मलकापूरच्या टेसनावर गोऱ्या साहेबांच्या डब्यापाशी विकायची. घरात कोणाच्या तोंडाला लागू द्यायची नाही.

आज खालची फांदी ओरबाडलेली दिसली, तशी ती धाकट्या जावेच्या दारात जाऊन कडाडली, "तानू, चोट्टे, जीभ दाखव!"

तानुबाईनं अख्ख्या आळीसमोर जीभ काढली. स्वच्छ गुलाबी. हात मात्र तिनं पदराखालीच ठेवले.

"माह्या तोंडात एक बी गेलं असन, जाऊबाई, तं ही जीभ झडन!"

मनकर्णाबाई पाय आपटत घरी आली. खिडकीपाशी बाजेवर बसलेल्या बोळक्या सासूनं तिला पाहताच ओठ घट्ट मिटून घेतले.