एक चूल, एक घर

"एक चूल, एक घर. नियमच आहे, बाई," हरीओमबाबूंनी यादीवर पेन टेकवलं.

कारंजा गावातली जुनी सरकारी क्वार्टरं पाडून तिथंच चार मजली इमारत होणार होती. कुणाला किती घरं, ते बाबू लिहून घेत होते. भागिरथाबाई आणि बिस्मिल्लाबी या शेजारणी, दोघी विधवा. खोल्या दोन, पण अकरा वर्षं स्वयंपाक एकाच गॅसवर, बिस्मिल्लाबीकडे. भागिरथाबाईंच्या ओट्यावर शिलाई मशीन होतं. म्हणजे दोघींत मिळून एकच घर! सुट्टीत दोघींच्या लेकी, नातवंडं येत. ती राहणार कुठं?

शेजार म्हटलं की भांड्याला भांडं लागतंच. या दोघींची भांडीच एक, लागणार कशाला? पण बिस्मिल्लाबीनं एकदम कंबरेवर हात ठेवले.

"एक चूल कायची, साहेब? कालच भांडण झालं आमचं! इच्या वरणात मीठ नसते."

भागिरथाबाईंना तिचा डाव उमगला, आणि त्याही सुटल्या.

"अन् इच्या भाकरी? त्याच्यापेक्षा चपलेचा तळ नरम असते! मले नाई खायाचं इच्या हातचं!"

सगळे शेजारी दारात जमले. दोघी अशा काही भांडल्या, की शेजारच्या रूपानं मधे पडून त्यांना पाणी पाजलं. बाबूंनी घाईघाईनं दोन घरं लिहिली. माणूस मोठा कनवाळू.

"एकीला पहिला मजला, दुसरीला चौथा," ते उठत म्हणाले. "पुन्हा तोंडसुद्धा पाहायला नको."

बाबू गेले. आता हसावं की रडावं, दोघींना कळेना. बिस्मिल्लाबीचे गुडघे कधीचे गेलेले. तरी फाटकाकडे पहिली तीच धावली. मागून पदर सावरत भागिरथाबाई. बाबू गाडीला किक मारत होते.

"साहेब, मिटलं आमचं भांडण!" बिस्मिल्लाबी धापा टाकत म्हणाली. "समोरासमोर घरं द्या!"

"इतक्यात मिटलं?" बाबूंना हसू आवरेना. त्यांनी आधीचं खोडून पहिल्या मजल्यावरची समोरासमोरची घरं लिहिली. मग त्यांचं पेन थांबलं. "पण मग चूल पुन्हा एक झाली की!"

बिस्मिल्लाबीचा चेहरा उतरला. भागिरथाबाईंनी तिचा हात घट्ट धरला.

"चुली दोनच लिहा, साहेब. पेटवायची कोणती, ते आमी पाहून घेऊ."