मेनूसकट

"हाही नको," अण्णा म्हणाले. "मेनू येत नाही."

मृणालने वडिलांसाठी आपल्या लग्नाची जुनी डीव्हीडी लॅपटॉपवर उतरवून घेतली होती. आतापर्यंत लावून पाहिलेल्या प्रत्येक व्हिडिओ प्लेअरमध्ये फोल्डर उघडला की सुरुवातीचं 'प्ले'चं बटण असलेलं चित्र न येता थेट मंगलाष्टकं सुरू व्हायची.

"अण्णा, मेनू काय करायचाय? अख्खं लग्न दिसतंय की!"

"दिसतंय. पुढचा बघ."

पुढच्या प्लेअरने मेनू दाखवला. झेंडूची चौकट, आणि मधोमध मागच्या वर्षी गेलेली तिची आई. मुलीचं लग्न लागताना आईने बघायचं नसतं, म्हणून मुहूर्ताला तुळशीला पाणी घालत बसलेली. बाकीचं लग्न तिने कोठीच्या खोलीत काढलं होतं. व्हिडिओवाल्याला ती एवढीच सापडली.

तांब्या रिकामा झाला, की चित्र पुन्हा पहिल्यापासून सुरू.

मृणालचं बोट 'प्ले'वर गेलं.

"थांब," अण्णा म्हणाले. "तिचं पाणी घालून होऊ दे."