दुसऱ्याचे आकडे

"हा दुसरा माणूस आहे तरी कोण?" गुन्वोरने कागद कामाची देखरेख करणाऱ्या हेन्रिकपुढे सरकवला. "शंभरातल्या एक्केचाळीस वाक्यांत माझ्याहून वेगळा."

"ते सांगायचं नसतं, गुन्वोर. नियम आहे."

गोथेनबर्ग विद्यापीठाच्या त्या खोलीत ती जानेवारीपासून येत होती. शाळेची नोकरी संपली, मग नवरा, अर्ने, गेला, आणि घराबाहेर पडायला एवढंच निमित्त उरलं. वाक्यं वाचायची आणि त्यातल्या शब्दाचा कोणता अर्थ तिथे बसतो, त्याचा आकडा पेन्सिलीने लिहायचा. प्रत्येक वाक्यावर आकडा दोनदा पडे. दोन्ही जुळले तरच ते वाक्य संगणकाला शिकायला देत.

आता सप्टेंबर होता. या गठ्ठ्यातली वाक्यं तिला ओळखीची वाटली होती. पण सहा हजार वाक्यं वाचल्यावर सगळीच ओळखीची वाटतात.

"हेच बघ," ती म्हणाली. स्वीडिशमधल्या 'फील'चे दोन अर्थ होते, कानस आणि आंबट दूध. "'वडिलांनी फील टेबलावर ठेवली आणि हात धुतले.' मी लिहिलं, कानस. माझे वडील गोदीत होते, मला विचार. हा शहाणा लिहितो, आंबट दूध."

"कारणही दिलंय. जेवणाआधी हात धुतल्याशिवाय आई टेबलाजवळ येऊ द्यायची नाही म्हणे."

"आमच्याकडेही तेच होतं. म्हणून काय कानस प्यायची?"

हेन्रिक हसला नाही. त्याने तिच्या कपात कॉफी ओतली, वेलदोड्याचा पाव पुढे केला.

"हा गठ्ठा राहू दे ना," तो म्हणाला. "तुला झोप लागते ना नीट?"

"माझ्या झोपेचं काय काढलंस? मला सरळ सांग. एवढी तफावत असली तर काय करतात?"

"ज्याच्यावर भरवसा ठेवता येत नाही, त्याचं काम थांबवतात."

गुन्वोरचा हात कपावरच राहिला. उद्यापासून सकाळी आठची ट्राम नाही. खिडकीशी अर्नेची रिकामी खुर्ची, आणि ती.

"मग त्याला थांबव," ती म्हणाली. "त्याचे मूळ कागद दाखव. चौतीस वर्षं वह्या तपासल्यात मी. अक्षर पाहून सांगते, माणूस धांदरट आहे की नुसता मठ्ठ."

"गुन्वोर, नको."

"दाखवल्याशिवाय मी उठत नाही."

हेन्रिकने खालचा खण उघडला आणि एक कागद तिच्यापुढे ठेवला.

गुन्वोरने चष्मा लावला. आकडे पेन्सिलीचे होते, दाबून लिहिलेले. साताच्या पोटात आडवी रेघ होती. आईबद्दलची ओळ समासात नीट, गोल अक्षरात होती. खाली तारीख होती सतरा मार्च, आणि सही तिची होती.