कोरं धोतर

पोलीस कोठडीत मेलेल्या मुलाचं प्रेत इसक्कीअम्माळनं ताब्यात घेतलंच नव्हतं. "मारणारेच तपास करणार? तपास दुसऱ्यांकडे द्या, मगच पोराला नेते," म्हणत ती शवागाराच्या दारात कोरं धोतर मांडीवर घेऊन बसली होती. सुनावणीला तिला मदुराईला जावं लागलं. मागे राखणीला थोरला दीर होता. कोर्टानं तिचं ऐकलं, तपास दुसऱ्या जिल्ह्याकडे दिला. ती परतली, तर दीर डोक्याचा गोटा करून उभा, हातात अस्थींचं मडकं. "इन्स्पेक्टर घरी आला होता, इसक्की. म्हणाला, सही कर, जाळून टाक. मलाही पोरगा आहे गं." तिनं शिवी गिळली, मडकं घेऊन कोऱ्या धोतरात बांधलं. सकाळी नव्या अधिकाऱ्यानं तिला आदबीनं खुर्ची दिली. "अम्मा, आधी शवविच्छेदन पुन्हा करू. डॉक्टर बाहेरचे आणलेत." इसक्कीअम्माळनं धोतराची गाठ सोडली आणि मडकं टेबलावर ठेवलं. "करा, साहेब."