लुगड्याचा रंग

“ताई, हे लुगडं पांढरंच होतं ना?”

जुना कृष्णधवल चित्रपट रंगीत करायचं काम तन्मयकडे आलं होतं. त्यातली विधवा साकारणाऱ्या यमुताई आता नव्वदीला टेकल्या होत्या. लॅपटॉपवर ती विधवा उंबरठ्यावर ताठ उभी होती, न रडता, दाराची कडी घट्ट धरून. अभिनय शिकणाऱ्या मुली आजही हा प्रसंग पुन्हा पुन्हा बघतात.

“पिवळं होतं,” यमुताई म्हणाल्या. “पांढरं कापड दिव्यांखाली इतकं भगभगायचं की चेहराच दिसेना. म्हणून ते हळदीच्या पाण्यातून काढायचे. पडद्यावर मात्र पांढरंच दिसायचं.”

“मग मी पांढरंच ठेवतो. पिवळ्या लुगड्यातली विधवा बघून लोक हसतील.”

यमुताईंनी पडद्यावरच्या त्या मुठीवर बोट ठेवलं.

“तेव्हा मी खरीच विधवा होते रे. हळदीकुंकवाच्या दिवशी सासूबाई मला आतल्या खोलीत बसवायच्या. आणि इथे स्टुडिओत मी रोज हळदीत भिजवलेलं लुगडं नेसत होते. सगळ्या घराने सिनेमा पाहिला, पण कुणाला पत्ता लागला नाही. मी त्या उंबरठ्यावर अशी उभी राहू शकले, ती त्या लुगड्याच्या जोरावर.”

“पण ताई, निर्माते ऐकायचे नाहीत.”

“मग आहे तसाच राहू दे त्यांचा सिनेमा. रंगवायचा असेल, तर पिवळं.” त्यांनी लॅपटॉप मिटला. “पांढरं मला एकदा नेसवून झालंय. आता तू नेसवायचं नाहीस.”