पडद्यावरची सवत

"अहो बाई, जरा सरका की! ती यायची वेळ झाली."

पांडुरंगराव हे स्वतःच्या बायकोला म्हणाले. रत्नाकाकू निमूटपणे टीव्हीसमोरून बाजूला झाल्या आणि पेजेचा पुढचा चमचा भरवू लागल्या. शेजारी बसलेल्या गार्गीच्या मात्र तळपायाची आग मस्तकात गेली.

पांडुरंगराव जहाजावरचे इंजिनिअर. निवृत्तीनंतर नवराबायको परदेशातच, सेम्बावांगच्या गोदीजवळच्या या फ्लॅटमध्ये राहिली. गार्गी खालच्या मजल्यावरची; नोकरी त्याच शहरात तांजोंग पगारला, जीव जुन्या सिनेमांत. वर्षभरात काकांची स्मरणशक्ती विरत गेली होती. बायको त्यांना कामाला ठेवलेली बाई वाटे. डोक्यात उरली होती एकटी लिविया मोरांदी.

आता ही लिविया कोण, असं इटलीतल्या माणसांना विचारलं तर तीही डोकं खाजवतील. पन्नासेक वर्षांपूर्वीची नटी. कुठे नायिकेची बहीण, कुठे दार उघडून बाजूला होणारी मोलकरीण. आवाजसुद्धा तिचा नाही. चेहरा एकीचा, आवाज दुसरीचा, अशी तेव्हा तिकडे रीतच होती. पाच-सहा सिनेमे केले आणि बाई गडप! कोणी म्हणे मठात गेली, कोणी म्हणे मेली.

दुपारचं ऊन पडद्यांतून गाळून येत होतं. टीव्हीत एक दार उघडलं आणि लिविया आत आली.

"हा तिचा आवाज नव्हे," काका कुरकुरले. "ती जरा बसकं बोलते."

"जसं काही तुमच्याच कानात बोलून गेली!" गार्गी पुटपुटली.

तिला काकूंची दया येई. गोऱ्यापान, घाऱ्या डोळ्यांच्या काकू. पहिल्याच भेटीत गार्गीने "कोकणस्थ ना?" म्हणून विचारलं, तेव्हा त्या नुसत्या हसल्या होत्या. माहेर कुठलं, तर म्हणाल्या, "फार लांब गं. समुद्राकाठी. आता तिथे कोणी उरलं नाही." रत्नागिरीकडचं असणार, गार्गीने ठरवून टाकलं होतं.

"काकू, तिचा शेवटचा सिनेमा आमच्या फिल्म क्लबला मिळालाय," गार्गी म्हणाली.

काकूंचा चमचा हवेतच थांबला. "इथे आणून लावशील?"

"सवतीला आपणहून घरात बोलावताय?"

"येऊ दे. डॉक्टर म्हणाले, यांची उरलीसुरली ओळखही फार दिवस टिकायची नाही. त्याआधी यांनी एकदा मला हाक मारावी, एवढंच हवंय गं मला."

"आणि ते तिला बघून होणार आहे?"

"बघू तर खरं."

गार्गी निघाली. लिफ्टपाशी वळून बघते तर काकू दारात उभ्या राहून तळहात स्वतःकडे वळवून बोटं मिटत होत्या. ती धावत परत आली. "काय हो, बोलावलंत?"

"नाही गं बाई, टाटा केला!"

या काकूंचं सगळंच जगावेगळं, असं म्हणत गार्गी हसत खाली गेली.

रविवारी सिनेमा लागला. काकू जरीकाठी साडी नेसून बसल्या होत्या. जेवण झाल्यावर खोलीवर पेंग उतरली, पंखा मंद फिरत होता. पडद्यावर जिनोआचं बंदर आलं. जहाज धक्क्यापासून सुटलं, आणि गर्दीतून लिविया पुढे आली. तळहात स्वतःकडे वळवून तिने हलकेच बोटं मिटली.

काका ताडकन उठले. "थांब! उतरतो मी, थांब!"

तोल जाणार तोच काकूंनी धावत येऊन त्यांना धरलं. काकांनी त्यांच्या तोंडाकडे पाहिलं. बराच वेळ पाहिलं. मग त्यांच्या पांढऱ्या केसांवरून हात फिरवला.

"लिविया," ते म्हणाले. "केवढी म्हातारी झालीस गं!"

गार्गीला रडूच कोसळलं. आयुष्यभर संसार केला हिने, आणि ओठांवर नाव आलं कोणाचं! "काकू, तुमच्या तोंडावर तिचं नाव घेतलं हो त्यांनी!"

काकूंचेही डोळे वाहत होते, पण त्या हसत होत्या.

"घेऊ दे गं," त्या बसक्या आवाजात म्हणाल्या. "लग्नात यांनी ताटातल्या तांदळांवर अंगठीने 'रत्ना' लिहिलं ना, तेव्हापासून माझ्या माहेरच्या नावाने मला कोणी हाकच मारली नव्हती."